आमची वाटचाल : गाणे आपल्याच नावावर

आमच्या कंपनीत माणसे दोनच. गाणी लिहून, त्यांना चाली लावून पियानोवर बसून ती गाणारी मी, आणि करारमदार, हिशेब, परवाने व कार्यक्रमांच्या तारखा सांभाळणारी माझी धाकटी बहीण. कंपनीची मालमत्ता म्हणाल तर एक जुना उभा पियानो, एक स्टेज पियानो, म्हणजे कार्यक्रमांना न्यायचा इलेक्ट्रॉनिक पियानो, चार मायक्रोफोन आणि आजवर ध्वनिमुद्रित केलेल्या सर्व गाण्यांचे हक्क. यातली शेवटची गोष्ट डोळ्यांना दिसत नाही, तिच्यावर धूळही बसत नाही, आणि आमचे घर चालते ते बव्हंशी तिच्यावरच. नव्याने या क्षेत्रात उतरणारी मुले-मुली मला आवाजाच्या रियाजाबद्दल विचारतात, चाल कशी सुचते ते विचारतात. रॉयल्टीच्या कागदाबद्दल क्वचितच कोणी विचारते. ही हकीकत लिहायला घेतली ती त्या कागदासाठी.

सुरुवातीची काही वर्षे मी दुसऱ्यांच्या कार्यक्रमांत साथीला पियानो वाजवत असे. त्या काळात स्वतःची दहा-बारा गाणी तयार झाली, त्यांतली काही ऐकून एका ध्वनिमुद्रण कंपनीने करार पुढे केला. आगाऊ रक्कम बरी होती. मी सही करायला निघालेच होते; बहिणीने तो करार दोन रात्री पेन्सिल घेऊन वाचला आणि सांगितले, "ताई, यात तुझे नाव फक्त मुखपृष्ठावर आहे." ध्वनिमुद्रणाची मालकी, म्हणजे ज्याला आमच्या व्यवसायात मास्टर म्हणतात ती, कायमची कंपनीकडे जाणार होती, आगाऊ रक्कम आणि ध्वनिमुद्रणाचा सारा खर्च माझ्याच वाट्याच्या रॉयल्टीतून वळता व्हायचा होता, आणि तो फिटेपर्यंत माझ्या हाती काहीच येणार नव्हते. पुढचे आणखी किती अल्बम घ्यायचे, हे ठरवण्याचा अधिकारही त्यांचाच. करार बेकायदा मुळीच नव्हता, या धंद्यात तो रूढ आहे. आम्ही नकार दिला.

असा नकार देणारे आम्ही पहिले नव्हतो, हे नंतर कळले तेव्हा जरा धीर आला. ॲनी डिफ्रँको या अमेरिकन गायिकेने १९९० मध्येच स्वतःची राइचस बेब रेकॉर्ड्स ही कंपनी काढली होती. पियानो आणि सिंथेसायझर घेऊन एकटीने काम करणाऱ्या इमोजेन हीप या ब्रिटिश गायिकेने २००५ च्या आपल्या अल्बमसाठी राहत्या फ्लॅटवर कर्ज उभे केले होते. तेवढे धाडस आमच्यात नव्हते. गहाण ठेवायला फ्लॅटही नव्हता. आम्ही साथीची कामे वाढवली, आणि पैसे साठतील तसे एकेक गाणे करायचे ठरवले.

पहिल्या ध्वनिमुद्रणाने पियानो या वाद्याचा स्वभाव शिकवला. ८८ पट्ट्या, सुमारे २३० तारा आणि त्या सगळ्यांचा मिळून साधारण १८ टनांचा ताण लाकूड व लोखंडाच्या सांगाड्यावर सोसणारे हे वाद्य हवामानाला फार हळवे असते. हवेत दमटपणा वाढला की साउंडबोर्डचे, म्हणजे तारांचा नाद मोठा करणाऱ्या फळीचे, लाकूड फुगते, तारा वर उचलल्या जातात आणि स्वर चढतो. तोही सगळीकडे सारखा नाही, मधल्या सप्तकांत जास्त. हे आम्हाला पुस्तकी माहीत होते. तरीही कोरड्या दिवसांत ट्यून केलेल्या पियानोवर दमट दिवसांत पहिले गाणे मुद्रित केले, कारण आम्हाला तो कानाला ठीक वाटत होता. पंधरा दिवसांनी व्हायोलिनवादक आले, त्यांनी आपले वाद्य नेहमीप्रमाणे पाश्चात्त्य रीतीच्या ४४० हर्ट्झच्या 'ए' या स्वराला लावून घेतले, ध्वनिमुद्रणाबरोबर चार सूर वाजवले आणि गज खाली ठेवला. पियानो चढला होता, आणि सगळा सारखा चढलेला नसल्यामुळे व्हायोलिन थोडे चढवून लावले तरी एका ओळीत जुळे आणि दुसरीत फाटे. सगळे काम पुन्हा करावे लागले.

तेव्हापासून ध्वनिमुद्रणाच्या आदल्या दिवशी ट्यूनरला बोलावण्याचा शिरस्ता आम्ही मोडलेला नाही. त्यांचे काम पाहत बसणे हा माझा आवडता उद्योग आहे. बहुतेक पट्ट्यांना तीन तारा असतात. ते फेल्टची, म्हणजे दाबलेल्या लोकरीच्या कापडाची, फीत तारांमध्ये खोचून बाजूच्या दोन मुक्या करतात, मधली तार जुळवतात, मग एकेक बाजू मोकळी करून दोन तारांच्या एकत्र ध्वनीत येणारे आंदोलन ऐकत खुंटीवरची किल्ली केसभर फिरवतात. आंदोलन मंदावत मंदावत थांबते, आणि तीन तारांचा एक स्वर होतो. मला हे अनेक मैफलींपेक्षा श्रवणीय वाटते.

आमच्या आवाजाची ओळख मात्र एका गैरसोयीतून घडली. उभ्या पियानोच्या मधल्या पेडलने हातोड्या आणि तारा यांच्यामध्ये फेल्टचे कापड खाली येते. ही सोय मुळात शेजाऱ्यांची झोप मोडू नये म्हणून आहे. आम्हाला ध्वनिमुद्रण रात्रीच करता येई, म्हणून ते कापड कायम खाली असे. त्यातून येणारा दबका, जवळचा स्वर माझ्या आवाजाला साजला. त्यासोबत पट्ट्यांची खटखट आणि खुर्चीची कुरकुर मायक्रोफोनमध्ये शिरली. खटखट ठेवली, खुर्ची बदलली.

गाणे तयार झाले की ते जगापुढे ठेवणे आता तांत्रिकदृष्ट्या सोपे आहे. डिस्ट्रिब्यूटर कंपनी ते सर्व स्ट्रीमिंग सेवांवर पोहोचवते. प्रत्येक ध्वनिमुद्रणाला १२ अक्षरांकांचा आयएसआरसी क्रमांक मिळतो, आणि रचनेला, म्हणजे शब्द व चालीला, आयएसडब्ल्यूसी हा वेगळा. या दोन क्रमांकांचे महत्त्व आम्हाला उशिरा उमगले. डिस्ट्रिब्यूटर बदलताना मी जुनी गाणी नव्या क्रमांकांनी चढवली, आणि अनेक वर्षांत जमलेला श्रवणांचा आकडा एका रात्रीत शून्यावर आला; तोच क्रमांक, तेच ध्वनिमुद्रण आणि तोच तपशील दिला असता, तर बहुधा तो नव्या जागी जोडला गेला असता. दुसऱ्या एका वेळी माझे गाणे माझ्याच नावाच्या एका अपरिचित गायिकेच्या पानावर जाऊन बसले. तिच्या श्रोत्यांनी ते ऐकलेही असेल. आता गाणे चढवण्याआधी बहीण नाव, शब्दलेखन, क्रमांक आणि श्रेयनामावली दोनदा तपासते, आणि मला त्या दिवशी संगणकाला हात लावू देत नाही.

पैशांचा प्रश्न जिथे येतो तिथे ही गोष्ट लक्षात ठेवावी लागते, की एका गाण्यात दोन मालमत्ता असतात: रचना आणि तिचे ध्वनिमुद्रण. रचनेची रॉयल्टी एका वाटेने येते, ध्वनिमुद्रणाची दुसऱ्या. रचनेची नोंदणी संबंधित कॉपीराइट संस्थेकडे केली नसेल, तर तो पैसा तुमच्या नावावाचून तसाच पडून राहतो. आम्ही पहिली दोन वर्षे ती नोंदणी केलीच नव्हती, कारण डिस्ट्रिब्यूटर सगळे पाहतो असा आमचा समज होता. स्ट्रीमिंगमधून दर श्रवणामागे येणारी रक्कम इतकी थोडी असते की तिच्यावर एकट्यावर कोणी विसंबू नये. स्पॉटिफायवर तर ३० सेकंद ऐकल्याशिवाय श्रवण मोजले जात नाही, आणि २०२४ पासून गेल्या १२ महिन्यांत निदान १,००० श्रवणे झाल्याशिवाय त्या गाण्याला ध्वनिमुद्रणाची रॉयल्टीच मिळत नाही. या ३० सेकंदांच्या धाकाने गाण्याआधीची पियानोची सुरावट कापावी, असा सल्ला आम्हाला पुष्कळदा मिळाला. एका गाण्यात कापून पाहिली. त्या गाण्याला आधार उरला नाही असे मला आजही वाटते.

आम्हाला खरा हात दिला तो चित्रफितींनी. चित्रपटात, मालिकेत किंवा जाहिरातीत गाणे वापरायचे तर रचनेचा एक आणि ध्वनिमुद्रणाचा एक, असे दोन परवाने लागतात. मोठ्या कंपन्यांच्या गाण्यांत हे हक्क बहुधा वेगवेगळ्या हातांत असतात आणि त्यांच्या पत्रव्यवहारात आठवडे जातात. आमच्याकडे दोन्ही एकाच टेबलावर. संपादकाने सकाळी विचारले, तर संध्याकाळपर्यंत सही होते. घाईत असलेल्या निर्मात्याला ही गोष्ट गाण्याच्या गुणवत्तेइतकीच मोलाची वाटते, हे कबूल करताना थोडा अभिमान दुखावतो खरा.

याच बाबतीत आमची सर्वांत मोठी चूकही झाली. एका गाण्याच्या ध्रुवपदामागे संगीत संयोजकांनी एक सुंदर उपसुरावट घातली होती. तिचे श्रेय रचनेत धरायचे की संयोजनात, हे आम्ही बोललोच नव्हतो, कारण मैत्रीत असले विषय काढणे मला कृपणपणाचे वाटे. पुढे एका मालिकेने तेच गाणे मागितले, संयोजकांनी रचनेत वाटा मागितला, आणि वाद सलोख्याने मिटेपर्यंत मालिकेने दुसरे गाणे घेतले होते. त्यांची मागणी गैर नव्हती. तेव्हापासून कोणाबरोबरही काम करताना, पहिला स्वर मुद्रित होण्याआधी किंवा फार तर त्याच संध्याकाळी, कोणाचा किती टक्के वाटा ते एका कागदावर लिहून सह्या होतात.

रंगमंचाविषयी थोडक्यात लिहिते, कारण तिथे शिकण्यासारखे बरेच असले तरी सांगण्यासारखे कमी असते. वादकवृंद घेतल्यावर माझा डावा हात आवरायला एक वर्ष गेले. एकटीने वाजवताना खर्जातली सप्तके भरून काढायची सवय असते, आणि बास गिटार आली की त्याच सवयीने सगळे गढूळ होते. स्टेज पियानो चालू करताना त्याचे सस्टेन पेडल, म्हणजे स्वर लांबवणारे पेडल, पायाखाली दाबलेले राहिले, तर बरीच वाद्ये त्याची दिशा उलटी समजतात. आमच्या पहिल्या मोठ्या कार्यक्रमात माझा पाय तसाच पेडलवर होता. मी पेडल दाबले की स्वर तुटत, सोडले की एकमेकांत मिसळून रेंगाळत. पहिली दोन कडवी मी तशीच गायले, मग बहिणीने पडद्याआडून खुणेने वाद्य बंद करून पुन्हा चालू करायला सांगितले. श्रोत्यांना तो प्रयोग वाटला, आणि त्यांतल्या एकांनी नंतर त्याचे कौतुकही केले. आम्ही खुलासा केला नाही.

आज कार्यक्रम, परवाने, रॉयल्टी आणि श्रोत्यांना थेट केलेली विक्री अशा चार झऱ्यांतून कंपनीचे वर्ष निघते. एखादा आटला तर उरलेले तीन तगवतात, दोन आटले तर मी पुन्हा साथीला जाते. पहिल्या कराराची पेन्सिलच्या खुणांची प्रत बहिणीने जपून ठेवली आहे. सध्या एका तरुण गीतकार मुलीबरोबर नवे गाणे चालू आहे. वाटणीचा कागद पियानोच्या झाकणावर आहे, दोघींची नावे लिहून झाली आहेत. दुसऱ्या कडव्याची शेवटची ओळ तिची ठेवायची की माझी, यावर मात्र अजून आमचे जमलेले नाही, म्हणून टक्क्यांची जागा तूर्त कोरी आहे.