“म्हणजे नातूच की हो!”

सोलापूरला माझ्या ओपीडीत आठव्या महिन्यातलं एक जोडपं आलं होतं, सोबत सासूबाई. सोनोग्राफीच्या रिपोर्टात बाळाच्या दोन्ही किडन्यांना लघवी तुंबून सूज: डावीकडे १७ मिलिमीटर, उजवीकडे ११. मूत्राशय फुगलेलं, त्याची भिंत जाड.

एकाच किडनीला ८-९ मिलिमीटर सूज असती तर मी त्यांना लगेच घरी पाठवलं असतं. शेवटच्या तिमाहीत ७ च्या पुढे गेलं की आम्ही नोंद घेतो, पण एवढी सूज बहुतेक बाळांची आपोआप उतरते. जन्मानंतर आठवड्याभरात सोनोग्राफी करा, एवढंच सांगायचं. लगेच नको, कारण पहिले दोन दिवस बाळाला लघवीच कमी होते आणि सूज आहे त्याहून कमी दिसते. इथं मात्र थांबून चालणार नव्हतं. दोन्ही बाजू तुंबल्यात म्हणजे अडथळा खाली, मूत्राशयाच्या तोंडाशी असण्याचा संभव जास्त. त्यातल्या त्यात बरी गोष्ट म्हणजे गर्भजल पुरेसं होतं. पाचव्या महिन्यानंतर ते मुख्यतः बाळाच्या लघवीचंच असतं आणि फुप्फुसं वाढायला लागतंच.

मी हे सांगतोय तोवर नवऱ्यानं मोबाइल पुढं केला. “सर, लघवीच्या मार्गात झडप असते म्हणे. फक्त मुलग्यांनाच होतं असं लिहिलंय.”

सासूबाई खुलल्या. “म्हणजे नातूच की हो!”

आता आली का पंचाईत! १९९४ चा कायदा शब्दानं, खुणेनं, कशानंही लिंग सांगू देत नाही, आणि ते योग्यच आहे. पण त्यानं वाचलेलं खरं होतं. झडपेचा पहिला संशय माझ्याही मनात होता. हो म्हणावं तरी अडचण, गप्प बसावं तरी त्याचा अर्थ निघणार. खरं तर मलाही ठाऊक नव्हतं. सोनोग्राफीवाले ते लिहीत नाहीत, मी विचारत नाही. “आजी, अशी सूज मुलींनाही येते, कारणं वेगळी असतात,” एवढं म्हणालो. त्यांनी ऐकलंच नाही.

सून इतका वेळ गप्प होती. “मग आत्ताच सिझर करायचं का?” तिनं विचारलं. नाही. नुसत्या या सुजेसाठी बाळ आधी काढलं तर कच्च्या फुप्फुसांचं नवं दुखणं मागं लागतं. दिवस भरू द्या, फक्त बाळंतपण एनआयसीयू, म्हणजे नवजात बाळांचा अतिदक्षता विभाग, असेल तिथं करा.

दिवस भरले, मुलगी झाली.

दुसऱ्याच दिवशी सोनोग्राफी केली. डाव्या किडनीला दोन मूत्रनळ्या होत्या. वरच्या भागाच्या नळीचं टोक मूत्राशयात फुग्यासारखं फुगून बाहेरच्या वाटेवर बसलं होतं. याला युरेटेरोसिल म्हणतात, आणि ते मुलींमध्ये जास्त आढळतं. फुगा एवढा मोठा, की पोटातल्या सोनोग्राफीत तोच मूत्राशय वाटावा. दुर्बिणीतून त्याला बारीक छिद्र पाडलं. लघवी मोकळी झाली, उजव्या बाजूची सूज काही आठवड्यांत उतरली.

पुढं डीएमएसए स्कॅनमध्ये, म्हणजे किडनीचा कुठला भाग किती काम करतो ते दाखवणाऱ्या तपासणीत, दिसलं, की डाव्या किडनीचा वरचा भाग जेमतेम काम करतो, खालचा चांगला आहे. रोज रात्री अँटिबायोटिकचा छोटा डोस चालू आहे. ताप आला की आधी लघवीचं कल्चर, म्हणजे जंतूंची तपासणी, मग बाकीचं.

फॉलो-अपला आई-वडील दोघंच येतात, सासूबाई काही पुन्हा दिसल्या नाहीत. आई वहीत सगळं टिपून आणते. परवा तिनं विचारलं, वरचा निकामी भाग काढावा लागेल का? छिद्र पाडलेल्या नळीतून कधीकधी लघवी उलटी किडनीकडे चढते. एमसीयू, म्हणजे मूत्राशयात औषध भरून लघवी करताना काढलेले एक्स-रे, करून ते बघू आणि मग ठरवू, म्हटलं.