बाबांच्या रिपोर्टवरचे दोन शब्द: ‘पुअर मेटाबोलायझर’

आमच्याकडे औषधांचा हिशोब बाबांकडे असतो. इंदूरच्या एका मिलमध्ये ते टाइमकीपर होते. मिल बंद पडली, हजेरी मांडायची सवय काही गेली नाही. गोळी घेतली की कॅलेंडरवर त्या तारखेच्या चौकटीत निळ्या पेनानं बारीकशी टिक. त्यामुळे अँजिओप्लास्टीनंतर सव्विसाव्या दिवशी पहाटे त्यांच्या छातीत पुन्हा दुखायला लागलं, स्टेंटमध्येच गुठळी झाल्याचं कळलं आणि इमर्जन्सीतल्या डॉक्टरांनी विचारलं, “गोलियाँ छोड़ दी थीं क्या?”, तेव्हा मी ठामपणे “नाही” म्हणायला हवं होतं. मी म्हणाले, “घर पे देखकर बताती हूँ.”

स्ट्रेचरवरून बाबांनी माझ्याकडे पाहिलं. बोलले काहीच नाहीत.

पुढचे दोन दिवस सगळं घर तेच म्हणत होतं. भाऊ पुण्याहून फोनवर, “विसरले असतील गं, एकाहत्तर वर्षांचा माणूस.” आई वॉर्डबाहेरच्या बाकावर बसून, “गोळीचं माहीत नाही, पण सराफ्यातल्या खाऊगल्लीत जाऊन आलेत हे नक्की. शर्टाला तुपाचा वास होता.” मी घरी येऊन कॅलेंडर पाहिलं. एकही चौकट रिकामी नव्हती. भावाला फोटो पाठवला, तर त्याचं उत्तर, “टिक करून गोळी राहू शकते.” वकीलच व्हायचा हा.

दुसऱ्यांदा प्रोसीजर झाली, बाबा सावरले. मोठ्या डॉक्टरांनी रिकाम्या पट्ट्या मागवल्या, बाबांशी पाच मिनिटं बोलले आणि त्यांच्यावर विश्वास ठेवला. आमच्यापैकी कुणी तोवर ठेवला नव्हता. स्टेंटमध्ये गुठळी होऊ नये म्हणून बाबा घेत असलेली क्लोपिडोग्रेल त्यांनी पहिल्याच दिवशी बंद करून त्याच कामाची टिकाग्रेलॉर सुरू केली होती. आता म्हणाले, एक जीन टेस्ट करून घेऊ. सगळ्यांची करत नाही, गाइडलाइनमध्येही सरसकट करा असं नाही, पण गोळी चालू असताना स्टेंट बंद झाला तर बघायला हवं. रक्ताची एक लहान नळी भरून बाहेरगावच्या लॅबला गेली. नऊ दिवसांनी व्हॉट्सॲपवर पीडीएफ आली.

तीन पानांच्या त्या इंग्रजी रिपोर्टात कामाच्या ओळी दोनच. जीनचं नाव सीवायपी२सी१९, त्यापुढे स्टार २/स्टार २. आणि खाली ठळक अक्षरांत: पुअर मेटाबोलायझर.

आईनं पहिला आक्षेप घेतला. “मेटाबोलिझम म्हणजे पचनच नं? ह्यांचं पचन पुअर? सकाळी दोन प्लेट पोहे, वर जलेबी, आणि दहा वाजता विचारतात जेवायला काय आहे!” कोपऱ्यावरच्या मेडिकलवाल्यानं रिपोर्ट उलटापालटा करून निदान दिलं, “लिवर कमज़ोर है.” लिव्हरच्या तपासण्या तर आठवड्यापूर्वीच झाल्या होत्या, सगळ्या नॉर्मल. शेजारच्या काकूंनी रक्त घट्ट असल्याचं सांगून लसूण सुचवला. आणि बाबा, चष्मा कपाळावर चढवून, “दोन स्टार? बस स्टँडजवळच्या लॉजला तीन असतात.”

मी अकाउंट्सचं काम करते, जीएसटी रिटर्न भरते. कुठल्याही फॉर्ममधल्या शब्दाचा नेमका अर्थ कळल्याशिवाय मला पुढचा रकाना भरवत नाही. मैत्रिणीची मुलगी फार्माकॉलॉजीत, म्हणजे औषधशास्त्रात, एमडी करतेय, तिला रविवारी घरी बोलावलं. भुट्ट्याचा कीस हे आमिष होतं.

ती म्हणाली, आधी ‘मेटाबोलायझर’मधून माणूस बाहेर काढा. हा शेरा काकांवर नाही, त्यांच्या पचनावर नाही, अख्ख्या लिव्हरवरही नाही. लिव्हरमधल्या एका एन्झाइमवर आहे. औषधं शरीरात आली की त्यांच्यात रासायनिक बदल करणारी एन्झाइम असतात. सीवायपी हे त्यांचं घराणं, २ ही त्यातली शाखा, सी ही उपशाखा, १९ हा त्यातला एक सदस्य. ते एन्झाइम बनवायची कृती दहाव्या क्रोमोसोमवर लिहिलेली असते. तिच्या दोन प्रती प्रत्येकाकडे, एक आईकडून, एक वडिलांकडून. म्हणून रिपोर्टात तिरप्या रेघेच्या दोन बाजू.

स्टारचा आणि दर्जाचा काही संबंध नाही, हे ऐकून बाबा जरा खट्टू झाले. कृतीच्या वेगवेगळ्या पाठभेदांना दिलेले ते क्रमांक. स्टार १ म्हणजे नेहमीचा, काम करणारा पाठ, ज्याच्याशी बाकीचे ताडून बघतात. स्टार २ मध्ये डीएनएचं एकच अक्षर बदललेलं असतं, ६८१ व्या जागी जीऐवजी ए. पण त्या एका अक्षरामुळे कृती वाचणारी पेशीतली यंत्रणा भलत्या ठिकाणी काप घेते आणि एन्झाइम अर्धवट राहतं. हा बदल १९९४ मध्ये सापडला. स्टार ३ सुद्धा निकामी. स्टार १७ मात्र उलट, त्यात एन्झाइम जास्त बनतं. म्हणजे आकडा मोठा म्हणून वाईट नाही आणि चांगलाही नाही. हे मला पटायला वेळ लागला, कारण आमच्या धंद्यात आकड्याला अर्थ असतोच.

दोन्ही प्रती निकामी, तर पुअर. एक निकामी, तर इंटरमीडिएट. दोन्ही धड, तर नॉर्मल, ज्याला जुन्या रिपोर्टांत ‘एक्स्टेन्सिव्ह’ म्हणायचे. त्याच्या वर रॅपिड आणि अल्ट्रारॅपिड. तिनं पुढे जे सांगितलं त्यानं आईचा चेहरा बदलला. आपल्याकडे, दक्षिण आशियात, या जीनच्या साधारण दर तीन प्रतींमधली एक स्टार २ असते. म्हणजे दहा-बारा माणसांमागे एकजण बाबांसारखा. “मग हे काही आगळं नाही,” आई म्हणाली. आगळं नव्हतंच. तपासलं नव्हतं इतकंच.

आता क्लोपिडोग्रेलकडे. पट्टीतली गोळी हे मुळात औषधच नाही, हे मला माहीत नव्हतं. ती कच्चा माल आहे. गिळल्यावर तिचा साधारण ८५ टक्के भाग वाटेतच निष्क्रिय होऊन जातो. उरलेल्यावर लिव्हरमध्ये दोन टप्प्यांत काम होतं, तेव्हा कुठे प्लेटलेटला, म्हणजे रक्तातल्या गुठळी धरणाऱ्या कणांना, चिकटणारं खरं औषध तयार होतं. दोन्ही टप्प्यांत या सीवायपी२सी१९ चा हात. अशा कच्च्या मालाला प्रोड्रग म्हणतात. बाबांनी सव्वीस दिवस सव्वीस गोळ्या घेतल्या, पण त्यांचं औषध व्हायचं तेवढं झालंच नाही. अमेरिकेच्या एफडीएनं २०१० मध्ये या गोळीच्या माहितीपत्रकावर पुअर मेटाबोलायझरबद्दल चौकटीतला इशारा छापायला लावला.

इथवर मला वाटलं, कळलं. पुअर म्हणजे औषध लागू पडत नाही. ती म्हणाली, “नाही मावशी, इथेच सगळे फसतात.” बाबांची ॲसिडिटीची गोळी दाखवून म्हणाली, पँटोप्राझोल. तीसुद्धा याच एन्झाइमकडे जाते, पण तिला औषध व्हायला या एन्झाइमची गरज नाही. एन्झाइमचं काम तिला मोडून बाहेर काढायचं. काकांकडे मोडणारं ते एन्झाइम नाही, म्हणून ती त्यांच्या अंगात जास्त वेळ राहते आणि इतरांपेक्षा जास्त लागू पडते.

म्हणजे एकाच माणसाच्या एकाच डब्यातल्या दोन गोळ्या, शेरा एकच, आणि परिणाम उलटे.

आईला हे समजावताना मला आमच्या कामवाल्या बाई आठवल्या. त्या आमच्याकडे पोळ्या करतात आणि समोरच्यांकडे भांडी घासतात. बाई आल्या नाहीत तर आमच्याकडे पोळ्या नाहीत, उपाशी. समोरच्यांकडे खरकट्याचा ढीग. बाई त्याच, सुट्टी तीच. आई म्हणाली, “म्हणजे ह्यांच्या बाईंनी कामच सोडलंय.” जन्मापासून, मी म्हणाले. तेव्हापासून आमच्या घरात त्या एन्झाइमला ‘बाई’च म्हणतात. शास्त्राला चालेल की नाही माहीत नाही, आईला चाललं.

तर ‘पुअर मेटाबोलायझर’ हा शब्द एकटा वाचायचाच नाही. त्याच्या आधी एन्झाइमचं नाव हवं आणि नंतर औषधाचं. एका एन्झाइमचा पुअर दुसऱ्याचा नॉर्मल असू शकतो. कोडीनची वेदनाशामक गोळी वेगळ्या एन्झाइमवर चालते, सीवायपी२डी६ वर. तीही प्रोड्रग, तिचं मॉर्फीन व्हावं लागतं. त्यातल्या पुअरचं दुखणं थांबत नाही आणि अल्ट्रारॅपिडमध्ये मॉर्फीन इतकं होतं की श्वास मंदावू शकतो. तिथे ‘अल्ट्रा’ हीच भीती. मुलीनं जाता जाता सांगितलं की औषधं आणि जीन यांच्या नात्याच्या शास्त्राला फार्माकोजेनेटिक्स म्हणतात आणि हा शब्द फ्रीडरिश फोगेल या जर्मन शास्त्रज्ञानं १९५९ मध्ये वापरात आणला. “माझ्यापेक्षा सहा वर्षांनी लहान,” बाबा म्हणाले. त्यांना सगळ्याचा हजेरीक्रमांक लागतो.

मराठी शब्दाचा मीही थोडा शोध घेतला. चयापचय आहे, पण ‘मंद चयापचयी’ म्हटलं की पुन्हा माणूस सुस्त वाटायला लागतो, आणि ‘पुअर’ची तीच तर अडचण. फायलीवर शेवटी मी लिहिलं: ‘२सी१९ काम करत नाही.’

रिपोर्ट घेऊन मोठ्या डॉक्टरांकडे गेलो. मी सरळ विचारलं, गुठळी यामुळेच झाली का? त्यांनी हो म्हटलं नाही. म्हणाले, यानं धोका वाढतो, पण स्टेंट बंद पडायला इतर कारणंही असतात, एका रिपोर्टावर मी शंभर टक्के सांगणार नाही. मला तेव्हा हे चुकवाचुकवीचं वाटलं. आता बरोबर वाटतं. टिकाग्रेलॉरच का, तर ती तयार औषध म्हणूनच येते, तिला या बाईंची गरज नाही. दुसरी एक होती, प्रासुग्रेल, पण बाबांचं वजन ५८ किलो, आणि ६० च्या खाली तिनं रक्तस्रावाची भीती जास्त.

टिकाग्रेलॉरच्या तीन गोष्टी मात्र पक्क्या लक्षात ठेवाव्या लागल्या. पहिली, तिनं काहींना दम लागल्यासारखं वाटतं. बाबांना चौथ्या दिवशी वाटलं, आम्ही घाबरून रात्री अकराला पुन्हा हॉस्पिटल गाठलं. ईसीजी, एको सगळं ठीक, औषधाचाच परिणाम, दोन आठवड्यांत कमी झाला. दुसरी, क्लॅरिथ्रोमायसिनसारखी काही औषधं तिच्याबरोबर चालत नाहीत, म्हणून खोकल्यासाठीही कुणाकडे गेलो तर यादी आधी दाखवायची. तिसरी बाबांना फार आवडली. क्लोपिडोग्रेलचं खरं औषध प्लेटलेटला कायमचं चिकटतं, ती प्लेटलेट मरेपर्यंत. टिकाग्रेलॉर सुटते. म्हणून ती दिवसातून दोनदा, आणि एखादी चुकवली तर तिचा असर लवकर उतरतो. “म्हणजे ज्याच्यावर गोळ्या चुकवल्याचा आळ,” बाबा म्हणाले, “त्यालाच न चुकवायची गोळी.” आई खिडकीबाहेर बघत राहिली. भावानं फोनवर विषय बदलला. माफी आमच्याकडे कुणी शब्दांत मागत नाही. त्या रविवारी आई स्वतः म्हणाली, सराफ्यात जाऊन येऊ, आणि बाबांना अर्धी जलेबी घेऊ दिली.

रिपोर्ट घरात आला तो बाबांपुरता राहिला नाही. त्यांच्या दोन्ही प्रती स्टार २, म्हणजे मला आणि भावाला एक तरी मिळालेली असणारच, तपासायचीही गरज नाही. आम्ही इंटरमीडिएट तरी, नाहीतर पुअर. आणि आजी-आजोबा दोघांकडेही ती असल्याशिवाय बाबांना दोन मिळाल्या नसत्या. म्हणजे बाबांच्या सख्ख्या बहिणीला दोन्ही स्टार २ मिळालेल्या असण्याची शक्यता चारात एक तरी आहे. आत्या ग्वाल्हेरला असते. मागच्या दिवाळीत तिलाही स्टेंट पडला.

फोन केला. “आत्या, तू रक्त पातळ व्हायची कुठली गोळी घेतेस, पट्टीवरचं नाव वाच.” तिनं चष्मा शोधला, अडखळत वाचलं. क्लोपिडोग्रेल. “आणि पित्ताची?” ओमेप्राझोल. आता ओमेप्राझोल हीच त्या बाईंना कामापासून अडवते, जीन धड असला तरी. क्लोपिडोग्रेलबरोबर ती टाळा असं माहितीपत्रकातच लिहिलेलं असतं. मी तिला म्हटलं, मनानं काहीही बंद करू नकोस, क्लोपिडोग्रेल तर एक दिवसही नाही, पण हा रिपोर्ट घेऊन उद्याच तुझ्या डॉक्टरांकडे जा.

“अगं, पण मला काही त्रास नाहीये,” आत्या म्हणाली.

मागून बाबांनी फोन घेतला. “मलाही पंचवीस दिवस नव्हता, शालू. जा तू.”

ती गेली. डॉक्टरांनी ओमेप्राझोल त्याच दिवशी बदलली आणि रक्त टेस्टला पाठवलंय. रिपोर्ट पुढच्या आठवड्यात यायचा आहे. बाबांनी कॅलेंडरवर त्या तारखेला टिक नाही केली, गोल केलाय, आणि आत ‘शालू’ लिहिलंय.