विजयदुर्गाची पाण्याखालची भिंत: जाणार असाल तर

सुरुवातीलाच सांगते, विजयदुर्ग किल्ल्यासमोरच्या समुद्रातली ही भिंत डोळ्यांनी दिसत नाही. वाघोटणच्या खाडीचा गाळ तिथल्या पाण्यात मिसळलेला असतो, त्यामुळे बोटीतून वाकून बघितलं तरी हातभर खोलीपलीकडे सगळं हिरवट-करडं. तरीही मी दोन दिवस तिच्यापायी घालवले आणि पुन्हा जाणार आहे.

गोष्ट लहानपणापासून ऐकलेली. शत्रूची गलबतं गडाच्या दिशेने यायची आणि समोर काही नसताना तळ फुटून बुडायची. आपली गुराबं-गलबतं उथळ तळाची, ती वरून सहज जायची. परक्यांची खोल तळाची जहाजं मात्र अडकायची. नौदलाच्या पाणबुड्या जवानांनी आणि गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या अभ्यासकांनी तिथे शोध घेतला, तेव्हा तटापासून साधारण 150 मीटरवर खरोखरच दगडी रांग सापडली. लांबी सुमारे 122 मीटर, रुंदी 7 आणि उंची 3 मीटर. ती माणसाने रचली की मुळातला कातळच, यावर वाद आहे. मला स्वतःला वाटतं, कातळ आधीचा असावा आणि त्याचा उपयोग ओळखणारी माणसं नंतरची. त्याने गोष्टीचं मोल तसूभरही कमी होत नाही.

आता वेळेचं. इथे सगळं भरती-ओहोटीवर आहे. कोकणातला जुना हिशोब लक्षात ठेवा: तिथीची पाऊणपट म्हणजे भरतीची वेळ. अष्टमीला सहा, दशमीला साडेसात. त्यात सहा तास मिळवले की ओहोटी. अर्धा-पाऊण तास इकडेतिकडे होतो, पण बेत आखायला पुरतो. भांगाच्या दिवसांत, म्हणजे अष्टमीच्या आसपास, पाणी फारसं उतरत नाही, म्हणून पुनवेनंतरचे किंवा अवसेनंतरचे दोन-तीन दिवस निवडा. आम्ही मार्गशीर्ष वद्य द्वितीयेला गेलो. दीडची भरती, म्हणजे सकाळी साडेसातच्या सुमारास पूर्ण ओहोटी, आणि त्या वेळी वाराही पडलेला असतो. दुपारी खारे वारे सुटले की समुद्र खवळतो.

हे मी आदल्या दिवशी शिकले. घाई करून संध्याकाळी चारला एका बोटीत बसलो. बोटवाल्याने जॅकेटं दिली नाहीत, आम्हीही मागितली नाहीत. तटाजवळ आल्यावर एका लाटेने बोट आडवी केली आणि काळा, शिंपल्यांनी भरलेला खडक हाताच्या अंतरावर आला. माझ्या भाचीने माझा दंड इतका घट्ट धरला होता की रात्रीपर्यंत वळ होते. जॅकेट अंगात चढवल्याशिवाय धक्का सोडू नका, बोटवाला कितीही ओळखीचा असो.

सकाळी मात्र एक वयस्क तांडेल, म्हणजे बोटीचे म्होरके, भेटले. त्यांच्याकडे ना नकाशा ना यंत्र. गडाचा एक बुरूज आणि मागच्या डोंगरावरचं झाड एका रेषेत आलं, तशी त्यांनी मशीन बंद केली. "काका, इथेच?" "हयच आसा. पाणी बघ गो बाय, कसा उभा रवता ता." खरंच, बाकी समुद्र सपाट असताना तिथून येणारी लाट जराशी फुगत होती, फुटत नव्हती, आणि पुढे जाऊन पुन्हा बसत होती. मग त्यांनी शिशाचा गोळा बांधलेली दोरी सोडली. पाच वाव (एक वाव म्हणजे साधारण सहा फूट). बोट थोडी सरकू दिली आणि पुन्हा सोडली: साडेतीन वावावर दोरी सैल पडली. गोळा टेकल्याचा तो ठक्क धक्का मी स्वतः दोरी धरून अनुभवला. भिंत मला तेवढीच कळली, तळहाताला.

तिथे बुडी मारायचा विचार करू नका. गढूळ पाणी, ओढ आणि ये-जा करणाऱ्या होड्या. प्रवाळ बघायचे असतील तर मालवण गाठा. इथून पश्चिमेला शंभराहून जास्त किलोमीटरवर, भर समुद्रात कान्होजी आंग्र्यांच्या नावाचं आंग्रिया बँक हे प्रवाळांचं पठार आहे, पण ते अशा सहलीत जमणारं नाही.

गडावर सकाळीच चढा, पाणी आणि टोपी घेऊन. तिहेरी तटातून फिरत पश्चिमेच्या बाजूला या आणि ओहोटीत उघडे पडलेले खडक वरून बघा. तटाचे काही भाग ढासळलेत, कडेला जाऊ नका. तिथे उभं राहून 1756चा फेब्रुवारी आठवावा. अ‍ॅडमिरल वॉटसनच्या इंग्रजी आरमाराला ही भिंत अडवू शकली नाही. जहाजं खाडीत शिरली आणि तेव्हा गड ताब्यात असलेल्या तुळाजी आंग्र्यांचं आरमार गडाच्या पायथ्याशी जळालं. भिंतीमुळे गड कधी पडलाच नाही, असं कोणी सांगितलं तर मान डोलवू नका. त्याआधी मात्र इंग्रज, पोर्तुगीज आणि 1724 साली डच इथून हात हलवत परतले होते.

मुंबई-गोवा महामार्गावरून तळेरे फाट्याला वळलात की साधारण पन्नास किलोमीटर. रेल्वेने आलात तर कणकवलीहून एसटी. नोव्हेंबर ते फेब्रुवारी उत्तम. पावसाळ्यात बोटीचं नावच नको. भाडं धक्क्यावरच ठरवा. आणि तांडेल "आज नको" म्हणाले तर दुसऱ्याकडे विचारायला जाऊ नका.