दहावं द्रव्य

२००६ साली मी आठवी 'ब'मध्ये होते. भारनियमन इतकं असायचं की संध्याकाळचा अभ्यास कंदिलावरच व्हायचा, आणि काच पुसायची पाळी घरोघरी भावंडांत ठरलेली असायची. त्या वर्षी हस्तलिखिताचा विषय होता 'कल्पनेतला देश'. आम्ही पाच मैत्रिणींनी जो देश काढला तो त्या कंदिलातूनच निघाला असणार.

देशाचं नाव दीपांतर. तिथे सूर्य नाही. डोंगरावर एक जुनी ज्योत आहे आणि सगळ्या घरांतला उजेड तिच्यापासून आलेला. स्वतःचा दिवा स्वतः पेटवायचा नाही, शेजाऱ्याच्या दिव्यावरूनच लावून घ्यायचा, असा तिथला नियम. त्यामुळे भांडण झालेल्या घरांनाही तिन्हीसांजेला एकमेकांच्या दारात जावं लागे. ही कल्पना माझ्या मैत्रिणीची, आणि आमच्या अख्ख्या देशात तीच सर्वांत सुंदर होती असं मला आजही वाटतं. तिथले एका पंथाचे विचारवंत म्हणत, उजेड कुणाच्या मालकीचा नसतो, तो उसना असतो. माणूस गेला की त्याने किती घरं बांधली ते विचारू नका, किती वाती लावून दिल्या ते मोजा.

दुसरा पंथ मी काढला होता. त्यांचं म्हणणं, अंधार ही खरीखुरी वस्तू आहे. ती उजेडाच्या आधीपासून आहे, उजेड तिला फक्त बाजूला सारतो. म्हणून ते मडक्यांत अंधार भरून, वर झाकण लावून ठेवत आणि ज्यांना झोप येत नाही त्यांना उशाशी ठेवायला देत.

मजकूर तपासायला संस्कृतच्या बाईंकडे गेला. शुद्धलेखनाच्या चुका निघतील एवढीच आमची तयारी. बाईंनी तासाला मलाच उभं केलं आणि विचारलं, "मडक्याचं झाकण काढलं की आतला अंधार जातो कुठे?"

मला उत्तर येईना. बाई मात्र खूश झालेल्या दिसत होत्या. फळ्यावर त्यांनी नऊ शब्द लिहिले: पृथ्वी, आप, तेज, वायू, आकाश, काल, दिशा, आत्मा, मन. कणादांच्या वैशेषिक दर्शनात, म्हणजे आपल्याकडच्या एका प्राचीन तत्त्वज्ञानात, द्रव्यं म्हणजे जगातल्या मूळ वस्तू, आणि त्या एवढ्याच. मग खाली '१०' आकडा काढून पुढची जागा मोकळी सोडली. म्हणाल्या, "इथे अंधार लिहायचा की नाही, यावर आपल्याकडे शेकडो वर्षं वाद झालाय. तुझ्या मडक्यांचे लोक त्यातलेच."

तेरा वर्षांच्या मुलीला असं कुणी सांगितलं तर तिचं काय होत असेल! कुमारिल भट्टांच्या परंपरेतले मीमांसक, म्हणजे वेदांचा अर्थ लावणाऱ्या दर्शनाचे पंडित, खरोखर म्हणत होते की अंधार द्रव्य आहे. त्याला काळा रंग आहे आणि दिवा घेऊन चाललं की तो सरकतो. ज्याला गुण आहे, गती आहे, ते नाहीच असं कसं म्हणायचं? यावर वैशेषिकांचं उत्तर असं, की सरकतो तो दिवा. आणि रंग असलेली कोणतीही वस्तू दिसायला उजेड लागतो. अंधार तर उजेड नसतानाच दिसतो. तेव्हा तो वस्तू नव्हे, तेजाचा अभाव. सतराव्या शतकातल्या अन्नंभट्टांनीही आपल्याच 'तर्कसंग्रह' या ग्रंथावर लिहिलेल्या टीकेत हा दहाव्या द्रव्याचा प्रश्न आधी उभा केला आणि मगच त्याला उत्तर दिलं.

बाईंनी वर्गाचे दोन भाग केले आणि मला मुद्दाम उलट्या बाजूला बसवलं. त्यांची अट एकच होती: आधी पूर्वपक्ष, म्हणजे समोरच्याचं म्हणणं, आणि तो असा मांडायचा की समोरचा म्हणाला पाहिजे, "हो, अगदी हेच माझं म्हणणं." तेवढं जमेपर्यंत उत्तर द्यायला बंदी. माझाच पंथ मला चार वेळा मांडावा लागला. तीन वेळा समोरून "नाही" आलं.

तो वाद आठवडाभर चालला. त्याच सुमारास विज्ञानाच्या सरांनी प्रयोगशाळेच्या खिडक्या बंद करून झडपेच्या बारीक भोकातून समोरच्या भिंतीवर पटांगणातलं चिंचेचं झाड उलटं दाखवलं. सर म्हणाले, हजार वर्षांपूर्वी इब्न अल-हैथम यांनी अशाच अंधाऱ्या खोलीत उजेडाचे प्रयोग केले होते. दुसऱ्या दिवशी समोरच्या बाजूची एक मुलगी उठून म्हणाली, "अंधार काहीच नसेल, तर त्याच्याशिवाय झाड दिसलं का नाही?" मी म्हटलं, खोलीत अंधार आणला नव्हता, बाकीचा उजेड अडवला होता. बाई नुसत्या मान हलवत राहिल्या. कोण बरोबर ते त्यांनी शेवटपर्यंत सांगितलं नाही.

पुढे तत्त्वज्ञानात एम.ए. करताना सुहरावर्दी वाचला. इराणातला हा विचारवंत ११९१ मध्ये अलेप्पो इथे मारला गेला, चाळिशीही न गाठता. त्याचं सगळं दर्शनच प्रकाशावर उभं आहे. जे मुळातच प्रकट आहे त्याची व्याख्या लागत नाही, आणि प्रकाशाहून अधिक प्रकट काहीच नाही, असं तो म्हणतो. अंधार म्हणजे प्रकाश नसणं, बाकी काही नाही, हेही त्याचंच. ते वाचल्यावर मी ग्रंथालयातूनच बाईंना फोन लावला आणि सांगितलं, "बाई, हा माझ्या मडक्यांच्या बाजूचा नाही हो, कणादांच्या बाजूचा निघाला." पलीकडून लगेच प्रश्न आला, "त्याचा पूर्वपक्ष काय?"

ते हस्तलिखित शाळेच्या ग्रंथालयात जमा केलं होतं. शाळेच्या महोत्सवाच्या निमित्ताने कपाटं उघडली जातील, म्हणून लिहिते: निळा पुठ्ठा आहे, वर कंदिलाचं चित्र. शेवटी 'उत्तरपक्ष' असा मथळा देऊन चार पानं कोरी ठेवली आहेत. ती पुढच्या आठवी 'ब'साठी होती. कुणी लिहिली नसतील, तर अजून त्यांचीच आहेत.