तेल, परत

आमच्या ईईजी खोलीच्या दारावर एक कागद चिकटवलेला आहे. स्केचपेननं मीच लिहिलाय. 'डोके शाम्पूने धुऊन यावे. तेल लावू नये. जेवून यावे.' सोळा वर्षं हे काम करतेय आणि त्यातलं मधलं वाक्य दिवसातून दहा वेळा तरी तोंडानं म्हणते. त्या मंगळवारीही म्हटलं. चार महिने झाले, पण ते मनातून जात नाही.

मी मिरजेत एका हॉस्पिटलात ईईजी टेक्निशियन आहे. आमच्या तपासणीला लोक 'डोक्याची पट्टी' म्हणतात. कितीतरी नातेवाईक दाराशी थांबवून हळूच विचारतात, "शॉक देणार काय ओ सिस्टर?" शॉक नाही, आम्ही आत काहीच सोडत नाही. कॉर्टेक्स, म्हणजे मेंदूची वरची सुरकुतलेली साल, जेमतेम दोन ते चार मिलिमीटर जाडीची. तिथल्या लाखो पेशींची वीज एकत्र होऊन कवटी आणि कातडी ओलांडून जेवढी बाहेर येते, तेवढी आम्ही टिपतो. ती मायक्रोव्होल्टमध्ये मोजावी लागते. छातीवरच्या ईसीजीत साधारण एक मिलिव्होल्ट मिळतो. आम्हाला त्याचा विसावा भाग मिळाला तरी पुष्कळ झालं.

एवढंसं पकडायचं, म्हणजे कप (डोक्याला पेस्टनं चिकटवायच्या धातूच्या छोट्या वाट्या, वायर जोडलेल्या) आणि कातडी यांच्यामध्ये काहीही येऊन चालत नाही. आणि आमच्याकडे तर बायकांच्या डोक्याला रोज तेल. तेलावर पेस्ट धरत नाही, कप घसरतो. इम्पीडन्स, म्हणजे कप आणि कातडी यांच्यामधला विजेला होणारा अडथळा, पाच किलोओहमच्या खाली हवा, तो पंधरा-वीसवर जाऊन बसतो, आणि भिंतीतल्या वायरिंगची ५० हर्ट्झची जाड काळी पट्टी सगळ्या रेघा गिळून टाकते. तसला रिपोर्ट वाचणाऱ्या डॉक्टरांच्या हातात द्यायची मला लाज वाटते. माझं रेकॉर्डिंग स्वच्छ असतं. हे मी अभिमानानं सांगते, कारण त्यामागे कष्ट आहेत. नाकाच्या मुळाशी भुवयांमधला खळगा आणि डोक्याच्या मागचा उंचवटा यांच्यामधलं अंतर मी अजून टेपनं मोजते. मग एका कानापासून दुसऱ्या कानापर्यंत. त्याचे दहा टक्के, वीस टक्के काढून पेन्सिलीनं खुणा करायच्या. १९५८ साली हर्बर्ट जॅस्पर या मेंदूशास्त्रज्ञानं लिहून ठेवलेली ही पद्धत आहे. दोन कान धरून एकवीस जागा. हल्लीची मुलं टोपी चढवतात नाहीतर नुसत्या नजरेनं कप लावून मोकळी होतात. एका बाजूचा कप सेंटिमीटरभर इकडे-तिकडे झाला, तर दोन्ही बाजूंच्या लाटांत खोटा फरक दिसतो आणि त्या फरकापायी माणसाचा एमआरआय निघतो. कुणाला तरी ते पैसे भरावे लागतात.

तर मंगळवार. बाहेर सात पेशंट, मशीन एक आणि मी एकटी. आमचे न्यूरोसर मंगळवारी नसतात. अकराच्या सुमारास एक सून सासूबाईंना घेऊन आली. जत तालुक्यातल्या आजी, सत्तरीच्या आतबाहेर, इरकली लुगडं नेसलेल्या. कुपवाडला मुलाकडे महिनाभरासाठी आल्या होत्या. रविवारपासून 'गप' झाल्या होत्या. चहाचा कप हातात दिला की तसाच धरून बसायच्या. मुलाच्या तोंडाकडे बघायच्या आणि हाक मारायच्या नाहीत. साखर, सोडियम, सीटी, सगळं झालं होतं आणि सगळं नॉर्मल आलं होतं. चिठ्ठीवर दोनच गोष्टी होत्या, 'वागणुकीत बदल' आणि त्याखाली 'ईईजी'. म्हातारं माणूस गोंधळलं की सोडियम बघायचं आणि ते बरोबर निघालं की 'वयोमान' म्हणायचं, ही सवय मी बऱ्याच डॉक्टरांत पाहिली आहे. त्या चिठ्ठीवर निदान 'लवकर' एवढा एक शब्द असता तर!

पण चिठ्ठीला कशाला नावं ठेवायची. मी स्वतः काय केलं? दोन बोटांनी आजींच्या भांगाला हात लावला. चपचपीत तेल होतं. "दवाखान्यात न्यायचं म्हणून सकाळी मीच लावून विंचरलं," सून म्हणाली. मी म्हणाले, "डोकं धुऊन आणा. उद्याचे नंबर भरलेत, परवा सकाळी या." रजिस्टरमध्ये नाव लिहिलं आणि पुढच्या रकान्यात 'तेल, परत'.

त्या दोन मिनिटांत मी आजींना नाव विचारलं होतं. बऱ्याच वेळानं त्या नुसत्या "हां" म्हणाल्या. उजव्या हातानं पदराचं टोक दुमडायच्या, सोडायच्या, पुन्हा दुमडायच्या. पापण्या बारीक थरथरत होत्या, उन्हातून आल्यावर थरथरतात तशा. आमचा कॉरिडॉर अंधारा आहे. दुपारीसुद्धा तिथं ट्यूबलाइट लावावी लागते. मला हे सगळं दिसलं. सोळा वर्षांत असं कुणी पुढ्यात आलं की नजर आपोआप पापण्यांवर जाते. ती गेलीही. मग मी पुढचा नंबर पुकारला.

गुरुवारी ते आले, या वेळी मुलगाही बरोबर होता. डोकं स्वच्छ धुतलेलं, केस मोकळे. आजी मात्र तशाच, किंबहुना जरा जास्तच लांब गेल्यासारख्या. मी टेप धरली आणि मागचा उंचवटा चाचपायला केस बाजूला केले, तर मानेवर रुपयाएवढा फोड, भोवती सगळं लाल.

"हे काय?"

सून रडायलाच लागली. "काल न्हाणीत डोकं धुवायलो, बंबाचं पाणी जास्त कढत हुतं मॅडम. मला कळलंच नाही. त्यांनी हूं की चूं केलं नाही. मान बी बाजूला घेतली न्हाय. मला वाटलं बरं वाटालंय, म्हणून गप बसल्यात."

मी काही बोलले नाही. फोडाच्या बाजूनं जागा सोडून मागचे दोन कप लावले. माझे हात एरवी थरथरत नाहीत.

स्क्रीनवर रेघा आल्या, त्या कशा होत्या हे कळायला निरोगी माणसाची पट्टी कशी असते ते सांगावं लागेल. जागं, शांत माणूस डोळे मिटतं, आणि डोक्याच्या मागच्या चॅनेलांवर (चॅनेल म्हणजे कपांकडून येणारी स्क्रीनवरची एकेक रेघ) एका सेकंदात नऊ-दहा अशा लहान, एकसारख्या लाटा उठतात. डोळे उघडले की त्या विरतात. हा अल्फा. जर्मनीत येना इथं हान्स बर्गरनं १९२४ साली माणसाच्या डोक्यावरून पहिल्यांदा असं रेकॉर्डिंग घेतलं, आणि छापायला १९२९ उजाडलं. रोज बघूनही 'डोळे मिटा' म्हटल्यावर अल्फा उठताना मी हातातलं काम थांबवते. बाकीच्या चॅनेलांवर बारीक, वेडीवाकडी, एकमेकींशी न जुळणारी कुजबुज असते, आणि तीच निरोगी खूण आहे. कॉर्टेक्सचा प्रत्येक भाग आपापल्या कामात असतो. कुणी ऐकतंय, कुणी हात हलवायची तयारी करतंय, कुणी शब्द शोधतंय. सगळे एका तालात नसतात, म्हणून बाहेर येणारी वीजही थोडीच असते.

आजींच्या पट्टीत कुजबुज नव्हती. एक टोकदार सुळका, त्यामागे रुंद लाट, पुन्हा सुळका, पुन्हा लाट. पुढून मागे, डावीकडे उजवीकडे, सगळ्या चॅनेलांवर एकाच वेळी. दहा सेकंदांचं एक पान असतं, त्यावर मी पंचवीसच्या वर मोजले. उंची तीनशे मायक्रोव्होल्टच्या आसपास. नेहमीच्या सेटिंगवर एका चॅनेलची रेघ दुसऱ्या चॅनेलमध्ये घुसायला लागली, म्हणून मला सेन्सिटिव्हिटी, म्हणजे रेघा मोठ्या करून दाखवायचं प्रमाण, कमी करावी लागली.

मुलगा माझ्या खांद्यावरून स्क्रीनकडे बघत होता. "केवढ्या जोरात चाललंय," तो म्हणाला, "म्हणजे मेंदू चांगला हाय न्हवं आईचा?"

त्याला काय सांगू? अख्खा कॉर्टेक्स एका सुरात ओरडत होता, म्हणून त्यातल्या कुणालाच आपलं काम करता येत नव्हतं. आजींना फिट आलेली होती. हातपाय न झाडता, तोंडाला फेस न येता, रविवारपासून बहुधा न थांबता चाललेली फिट. बाहेरून बघणाऱ्याला ती दिसत नाही. बघणाऱ्याला दिसतं एक गप बसलेलं म्हातारं माणूस.

मी नियमाप्रमाणे तपासलं. "आजी, एक शब्द सांगते, ध्यानात ठेवा. डाळिंब." काही नाही. "हात वर करा." बऱ्याच वेळानं हात अर्धा वर आला आणि तिथंच राहिला. एकेक गोष्ट वेळेसह रेकॉर्डवर टाइप केली आणि सरांना फोन लावला. मी फोनवर सहसा मत देत नाही. टेक्निशियननं देऊ नये, असं मलाही वाटतं. त्या दिवशी म्हटलं, "सर, हे आत्ता चालू आहे. इथंच या."

सर आले. वॉर्डमधून ट्रॉली मागवली, ऑक्सिजन आणि अँब्यू बॅग, म्हणजे हातानं दाबून श्वास द्यायची पिशवी, शेजारी ठेवली, कारण फिट थांबवायला द्यायच्या औषधानं श्वास मंदावू शकतो. बोटाला पल्स ऑक्सिमीटर लावला. 'रेकॉर्डिंग थांबवू नको' असं त्यांना सांगावं लागलं नाही. ११:४२ ला ते औषध, लोराझेपाम, शिरेतून सावकाश जायला लागलं. मी ते टाइप केलं आणि स्क्रीनकडे बघत बसले.

पहिलं मिनिटभर काही नाही. मग सुळक्यांच्या रांगेत एक खिंड पडली, अर्ध्या सेकंदाची. पुन्हा रांग. पुन्हा खिंड, या वेळी दोन सेकंदांची. मग रांग एकदम तुटली आणि सगळ्या रेघा सपाट वाटाव्यात इतक्या लहान झाल्या. सेन्सिटिव्हिटी मी पूर्वीच्या जागी आणली, तेव्हा दिसलं की त्या सपाट नव्हत्या. कुजबुज परत आली होती. मी म्हणाले, "आजी, डोळे मिटा." मिटले. मागच्या दोन चॅनेलांवर, फोडाच्या वर लावलेल्या त्या दोन कपांखाली, अल्फा उठला. नऊ हर्ट्झ. मी मोजला.

आजींनी हात डोक्याकडे नेला, वायरी चाचपल्या. "डोस्कं कशापाय चिकाट केलंय?" मग हात मानेकडे गेला. "अगं आई... मानंला काय झालंय गं? आग व्हायलीय."

सून त्यांच्या पायाशी बसली. काल कढत पाणी पडलं होतं आणि दुखलं आज, ११:४५ ला. माझ्या डोळ्यांपुढून तो हात हलत नाही.

डाळिंब त्यांना आठवलं नाही. आठवणारच नव्हतं. तो शब्द आत पोचलाच नव्हता. मी 'चिंच' हा नवा शब्द दिला, तो त्यांनी पाच मिनिटांनी बरोबर सांगितला. नंतर त्या औषधानं झोपल्या.

कारण त्यांच्याच तोंडून कळलं. मुलगा आणि सून दोघांनीही 'बीपीची गोळी, बाकी काही नाही' असंच सांगितलं होतं. सरांनी आजींना विचारलं, त्या पेंगत म्हणाल्या, "झोपंची बारकी गोळी सरली की." नवरा गेला तेव्हापासून, म्हणजे नऊ वर्षं, रोज रात्री अल्प्राझोलम. गावचा औषधवाला देत होता. पाकीट कुपवाडला येऊन संपलं. इथल्या दुकानदारानं चिठ्ठी मागितली, म्हणून राहिलं. झोपेच्या गोळीला आपल्याकडे औषध समजतच नाहीत, मग ते डॉक्टरला सांगणार कोण? सरांनी मुलाला नीट समजावलं. ही गोळी कॉर्टेक्सवर ब्रेक लावून असते. वर्षानुवर्षांची गोळी एका दिवसात बंद केली की ब्रेक सुटतो आणि पूर्वी कधीच फिट न आलेल्या म्हाताऱ्या माणसालासुद्धा अशी फिट येऊ शकते. कमी करायची तर डॉक्टरांच्या देखरेखीखाली, हळूहळू, महिनेच्या महिने.

सर संध्याकाळी म्हणाले, "तू मंगळवारी तेलावर काढली असतीस तर नुसतं आर्टिफॅक्ट, मेंदूबाहेरचा गोंधळ, दिसलं असतं. मनाला लावून घेऊ नकोस." सर भले आहेत, पण हे खरं नाही आणि ते त्यांनाही माहीत आहे. तीनशे मायक्रोव्होल्टच्या लाटेला स्वच्छ डोकं लागत नाही. चार कप जरी तेलावर दाबून धरले असते, ५० हर्ट्झची पट्टी कितीही जाड आली असती, तरी तिच्या आडून ते सुळके दिसले असते. स्वच्छ डोकं लागतं ते बारीक गोष्टींसाठी, एका बाजूच्या किंचित मंदपणासाठी, कपाळाशेजारच्या चुकार सुळक्यासाठी. पट्टी स्वच्छ यावी म्हणून केलेल्या नियमानं मी आजारी माणूस दोन दिवस दारातून परत पाठवलं.

आता खोलीत स्पिरिट, गॉज, शाम्पूची बाटली आणि एक घमेलं आहे. तेलकट डोकं असेल तर जागेजागेवर केस विलगून पुसून काढते. एका पेशंटला वीस मिनिटं जास्त लागतात आणि बाहेरचे कुरकुरतात. खोलीत नळ द्या म्हणून दोनदा अर्ज दिलाय. दारावरचा कागद काढलेला नाही, पण खाली एक ओळ वाढवली आहे. 'पेशंट बोलत नसेल किंवा गोंधळलेला असेल तर तेल असले तरी थांबू नये, आत यावे.'

गेल्या आठवड्यात रजिस्टरची मागची पानं चाळली. 'तेल, परत' हे शब्द माझ्या अक्षरात इतक्या वेळा असतील असं वाटलं नव्हतं. बऱ्याच नावांपुढे दोन-तीन दिवसांनंतरची दुसरी तारीख आहे, पट्टी काढल्याची. काही नावांपुढे दुसरी तारीखच नाही. वय ६६, आष्टा. वय ७१, कवठेमहांकाळ. तेव्हा आम्ही फोन नंबर लिहून घेत नव्हतो.