कातडे जुने, अक्षर नवे

वस्तूत उरलेल्या कार्बन-१४वरून तिचे वय काढणाऱ्या इस्राएलमधल्या ज्या प्रयोगशाळेत मी गेली अनेक वर्षे नमुने स्वच्छ करण्याचे काम करते, तिथे रोज येणारा माल म्हणजे जळके धान्य, ऑलिव्हच्या बिया, कोळसा आणि हाडे. चर्मपत्र क्वचितच येते, आणि ज्यावर बायबलमधला हिब्रू मजकूर लिहिलेला आहे असे चर्मपत्र तर वर्षानुवर्षे दृष्टीस पडत नाही. म्हणून परदेशातल्या एका खासगी संग्राहकाकडून काचेच्या कुपीत कातड्याची एक चिंचोळी पट्टी आली, तेव्हा आम्ही सगळेच थोडे हुरळलो होतो. सोबतच्या पत्रात लिहिले होते की हा तुकडा मृत समुद्राजवळच्या, प्राचीन हिब्रू गुंडाळ्या जिथे सापडल्या त्या कुमरानच्या गुहांमधला असून त्यावर बायबलमधल्या ‘गणना’ या ग्रंथाच्या सहाव्या अध्यायातला याजकांचा, म्हणजे पुरोहितांचा, आशीर्वाद आहे. अक्षरांना धक्का लागू नये म्हणून केवळ कोऱ्या काठाचा अंश पाठवीत आहोत, असेही त्यात होते. मूळ तुकडा आम्ही पाहिला नाही, तो पाहायला मागितलाही नाही. पुढे जे झाले त्यात चूक कोणाची असेल तर ती आधी आमची, हे इथेच सांगून टाकते.

चर्मपत्राचे वय काढताना सर्वांत मोठी भीती तेलाची असते. १९५०च्या दशकात कुमरानच्या गुंडाळ्यांवर काम करणाऱ्या अभ्यासकांनी पुसट अक्षरे उठून दिसावीत म्हणून काही तुकड्यांना एरंडेल लावले होते. ते तेल विसाव्या शतकातल्या एरंडीचे, त्यामुळे त्यातला कार्बन नवा. तो कातड्यात राहिला तर दोन हजार वर्षांची वस्तू काही शतकांनी तरुण दिसू लागते. आमचे घराणे मूळचे रेवदंड्याकडचे, बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले ज्यू. कोकणात शनिवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून ज्यांना शनवार तेली म्हणत, त्यांच्यातले. तेल काढणाऱ्यांच्या वंशात जन्म घेऊन आयुष्यभर दुसऱ्यांनी लावलेले तेल काढत बसणे माझ्या नशिबी यावे, याची मला नेहमीच गंमत वाटते.

ती पट्टी मी द्रावकांत धुतली, मग आम्ल, अल्कली आणि पुन्हा आम्ल असे तिचे ठरलेले संस्कार केले, उरलेला अंश जाळून त्याचा कार्बन डायऑक्साइड केला आणि लोखंडाच्या भुकटीवर हायड्रोजनच्या साहाय्याने त्याचे ग्राफाइट करून यंत्राकडे दिले. १९५०-५१ साली कार्बन-१४ने वय काढण्याच्या पद्धतीचे जनक विलर्ड लिबी यांनी कुमरानसंबंधी पहिले मोजमाप केले, तेव्हा एवढ्याशा नमुन्यावर काम करणे अशक्य होते. म्हणून त्यांनी गुंडाळ्यांना हात न लावता त्यांच्याभोवतीचे लिननचे कापड जाळले आणि त्याचे वय इ.स. ३३, मागेपुढे २०० वर्षे, असे काढले. आता काही मिलिग्रॅम पुरतात. आमचा आकडा आला तो १९५०च्या आधी २०३० वर्षे, अधिक-उणे २५; कार्बनच्या वयाचे सालात रूपांतर करणाऱ्या, वृक्षवलयांवर आधारलेल्या वक्राशी जुळवून पाहता इ.स.पू. पहिले शतक ते इ.स. पहिल्या शतकाचा मध्य. कुमरानच्या काळाशी चपखल बसणारा. आम्ही तो कळवला. संग्राहकाला इतका आनंद झाला की दुसऱ्या चाचणीसाठी त्याने विमा उतरवून मूळ तुकडाच पाठवून दिला.

तो उघडला त्या दिवसाची ही हकीकत. तुकडा अंगठ्याच्या दीड पेराएवढा, तपकिरी, चार ओळींचा. नुसत्या डोळ्यांनी वाचता येत होता, आणि शब्द मला पाठ असलेले होते: परमेश्वर तुला आशीर्वाद देवो आणि तुझे रक्षण करो. क्षणभर मी वाचतच राहिले. मग सवयीने तो सूक्ष्मदर्शकाखाली सरकवला, कारण दुसरा नमुना कुठून कापायचा ते ठरवायचे होते.

पहिली गोष्ट दिसली ती एक भेग. कातडे वाळून आकसते, त्याचा वरचा थर तडकतो, आणि आधी लिहिलेले अक्षर असेल तर ते अक्षरही त्या तड्याबरोबर दुभंगते. दोन्ही काठांवर शाई राहते, मधली फट कोरी असते. इथे शाई भेगेत उतरली होती. पावसाचे पाणी शेताच्या भेगेत शिरावे तशी ती खाली जाऊन तळाशी साठली होती. दुसरी गोष्ट क्षारांची. शतकानुशतके गुहेत पडलेल्या कातड्यावर मातीचे आणि क्षारांचे बारीक कण बसतात, ते अक्षरांच्या वर असायला हवेत. या तुकड्यावर ते अक्षरांच्या खाली होते आणि शाई त्यांच्यावरून ओघळली होती. तिसरी गोष्ट पाहायला सूक्ष्मदर्शकाचीही गरज नव्हती. शेवटच्या ओळीतला ‘शालोम’ हा शब्द फाटक्या काठाशी येऊन दाटला होता, त्याचे अखेरचे अक्षर कडेला लागू नये म्हणून आत वळवले होते. फाटण्यापूर्वी लिहिणाऱ्या लेखनिकाला, पुढे कातडे कुठे फाटणार आहे हे कळण्याचे काही कारण नाही.

मी खुर्ची मागे सारली आणि विभागप्रमुखांना बोलावले. त्यांनी पाहिले, काही न बोलता पुन्हा पाहिले, आणि लिपितज्ज्ञ असलेल्या एका सहकाऱ्याला छायाचित्रे पाठवली. त्याचे उत्तर तासाभरात आले: अक्षरवळण दोन हजार वर्षांपूर्वीच्या हेरोद राजाच्या काळाचे वाटावे असे आहे खरे, पण एकाच अक्षराची तीन वळणे एका ओळीत आहेत आणि लेखणी जागोजागी अडखळली आहे.

असे होते हे आम्हाला ठाऊक नव्हते असे नाही. २००२ नंतर पुराणवस्तूंच्या बाजारात कुमरानचे म्हणून सुमारे ७० तुकडे आले, आणि वॉशिंग्टनच्या म्युझियम ऑफ द बायबलने घेतलेले सोळाच्या सोळा तुकडे बनावट असल्याचे २०२० साली जाहीर झाले. तिथेही कातडे खरोखरच प्राचीन होते, अक्षरे आजची होती. तरीही कोरा काठ हाती आल्यावर आम्ही थेट तो जाळायला घेतला. आम्हाला आकड्याचा मोह असतो.

आमचा आकडा मात्र खोटा नव्हता, आणि हीच गोष्ट मला दिवसभर बोचत राहिली. ते जनावर दोन हजार वर्षांपूर्वी मेले होते, एवढेच यंत्राने सांगितले होते. त्या कातड्यावर कोणी कधी लिहिले हे यंत्राला विचारलेलेच नव्हते. आणि जे लिहिले ते शब्द मुळात कधी रचले गेले, हा तर तिसराच प्रश्न, ज्याला कार्बन-१४चे यंत्र एरवीही क्वचितच स्पर्श करू शकते.

याच आशीर्वादाचे उदाहरण घ्या. यरुशलेमच्या जुन्या शहराच्या नैर्ऋत्येला केतेफ हिन्नोम येथे १९७९ साली पुरातत्त्वज्ञ गाब्रिएल बारकाय यांना एका थडग्याच्या कोनाड्यात चांदीच्या पत्र्याच्या दोन इवल्या सुरळ्या सापडल्या, बहुधा गळ्यात ताईत म्हणून घातलेल्या. त्या न मोडता उलगडायला तीन वर्षे लागली. मोठी उलगडल्यावर ९७ मिलिमीटर लांब भरली, लहान अवघी ३९. त्यांवर प्राचीन हिब्रू लिपीत, केसाएवढ्या रेघांनी, याच आशीर्वादाचे शब्द कोरलेले आहेत. चांदीत कार्बन नाही, त्यामुळे आमच्या प्रयोगशाळेचा इथे काडीचा उपयोग नव्हता; काळ ठरला तो अक्षरवळणावरून आणि थडग्यातल्या वस्तूंवरून, इ.स.पू. सातव्या शतकाची अखेर किंवा सहाव्याचा आरंभ असा. त्यावर वाद झाले, पण २००४ साली प्रसिद्ध झालेल्या नव्या छायाचित्रांनी या मताला बळ दिले. बायबलमध्ये आढळणाऱ्या मजकुराचा आज उपलब्ध असलेला हा सर्वांत जुना पुरावा आहे. मी तो इस्राएल म्युझियममध्ये पाहिला आहे. भिंगाखाली धरल्याशिवाय अक्षरे दिसत नाहीत.

पण त्यावरून ‘गणना’ हा ग्रंथ तेव्हा लिहून तयार होता असे म्हणता येत नाही. आशीर्वाद आधी लोकांच्या तोंडी असेल, याजकांच्या परंपरेत असेल, आणि ग्रंथात नंतर गुंफला गेला असेल. एकोणिसाव्या शतकात जर्मन अभ्यासक युलियस वेलहाउझन यांनी बायबलच्या पहिल्या पाच ग्रंथांत निरनिराळ्या काळांचे स्रोत एकत्र विणलेले आहेत असे मांडले, त्याच्या तपशिलांवर आजही भांडणे चालू आहेत. तरी याजकांशी संबंधित भाग यहुद्यांच्या बाबिलोनमधल्या बंदिवासात (इ.स.पू. सहावे शतक) किंवा त्यानंतरच्या इराणी अमलात आजच्या रूपाला आला, असे बरेच अभ्यासक मानतात. त्यातून निसर्गाची खोड अशी की इ.स.पू. सुमारे ८०० ते ४०० या काळात आमचा कार्बनचा वक्र जवळजवळ सपाट आहे. यरुशलेमचे पहिले मंदिर इ.स.पू. ५८६ मध्ये पडले त्याच्या आधीची वस्तू आणि नंतरची वस्तू यंत्राला सारखीच दिसते. ज्या चार शतकांबद्दल सर्वांना सर्वाधिक कुतूहल आहे, नेमकी तीच धुक्यात आहेत.

कधी कधी कातड्याचे आणि रचनेचे वय एकमेकांजवळ येते. ग्रोनिंगेन विद्यापीठाच्या चमूने २०२५ साली प्रसिद्ध केलेल्या मोजमापांत बायबलमधल्या ‘दानीएल’ ग्रंथाचा एक तुकडा इ.स.पू. दुसऱ्या शतकाच्या पूर्वार्धापर्यंत मागे गेला, आणि अभ्यासक त्या ग्रंथाचा उत्तर भाग इ.स.पू. १६०च्या दशकातलाच मानतात. असे योग थोडे. एरवी शब्दांचे वय शब्दांतच शोधावे लागते. बायबलच्या ‘एस्तेर’ ग्रंथातल्या राजवाड्यात ‘कर्पास’चे पडदे आहेत, तो संस्कृतातला कर्पास, आपला कापूस, इराणमार्गे हिब्रूत पोहोचलेला, म्हणून तो मजकूर इराणी काळाच्या आधीचा असणे कठीण. कापसाच्या बोंडावरून ग्रंथाचा काळ ठरवण्याची ही रीत मला यंत्राइतकीच विश्वासाची वाटते.

संध्याकाळी आईला फोन केला. ती इस्राएलमधल्याच लोदला राहते आणि अजून माझ्याशी मराठीतच बोलते. झाले ते सगळे सांगितले.

“म्हणजे कातडं खरं आणि आशीर्वाद खोटा?” तिने विचारले.

“आशीर्वाद खराच गं, पण लिहिलेला आत्ताचा,” मी म्हणाले.

ती थोडा वेळ थांबून म्हणाली, “आपल्याकडे कोकणात तर लिहिलेलं काहीच नव्हतं. शेमा तेवढी तोंडपाठ होती.” परंपरा तशीच सांगते: धर्मशिक्षक दावीद रहाबी कोकणात आला तेव्हा तिथल्या या लोकांपाशी ना गुंडाळी होती ना प्रार्थनापुस्तक, केवळ ‘शेमा इस्राएल’ (‘ऐक, इस्राएल’) या प्रार्थनेचे एवढे शब्द टिकले होते. आमच्या माणसांना हिब्रू शिकता यावे म्हणून मुंबईतले स्कॉटिश मिशनरी जॉन विल्सन यांनी मराठीत हिब्रूचे व्याकरण छापले ते १८३२ साली. त्या मधल्या शतकांची कोणतीही पट्टी कोणी आमच्या प्रयोगशाळेत कधी आणणार नाही.

दुसऱ्या दिवशी अहवाल लिहायला घेतला. संग्राहकाच्या प्रतिनिधीचा निरोप आला होता की वयाचा आकडा असलेले पहिले पान स्वतंत्र द्यावे, सूक्ष्मदर्शकाची निरीक्षणे हवी तर वेगळ्या परिशिष्टात घालावीत. मी दोन्ही विधाने एकाच वाक्यात लिहिली, मध्ये अर्धविराम देऊन, आणि ते वाक्य आकड्याच्या तक्त्यातच, आकड्याच्या शेजारच्या रकान्यात बसवले. विभागप्रमुखांनी वाचून सही केली. दुसरा नमुना आम्ही कापला नाही. तुकडा आला तसा परत गेला, आणि तेव्हापासून आमच्या अर्जात एक ओळ वाढली आहे: लिखित वस्तू असल्यास संपूर्ण वस्तू सूक्ष्मदर्शकाखाली पाहिल्याशिवाय नमुना स्वीकारला जाणार नाही.