एका कम्प्लीशन सर्टिफिकेटपायी

टेंडरच्या अपिलाची ऑर्डर येऊन तीन आठवडे झाले, ती फाईल अजून माझ्या टेबलावरच आहे. तुमचं बरोबर होतं असं त्यात लिहिलंय, आणि पक्षकाराच्या हातात काहीच पडलेलं नाही.

पक्षकार बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यातला छोटा कंत्राटदार, रस्ते आणि मोऱ्या करणारा. एका ओढ्यावरच्या पुलाचं १ कोटी ६० लाखांचं टेंडर भरलं होतं, मुदत बारा महिने. पोर्टलवर टेक्निकल बिड रिजेक्ट, कारण एका ओळीत, बिड कॅपॅसिटी, म्हणजे एवढं काम पेलायची ताकद, कमी. लोकांना वाटतं ज्याचा रेट कमी त्याला काम, पण रेट उघडायच्या आधीच माणसं गळतात ती या हिशोबात. गेल्या पाच वर्षांतलं सगळ्यात मोठ्या वर्षाचं काम, गुणिले मुदतीची वर्षं, गुणिले दीड, आणि त्यातून हातातली अपुरी कामं वजा. याचं मोठं वर्ष २ कोटींचं, म्हणजे ३ कोटी, हातात १ कोटी १० लाखांची कामं, उरले १ कोटी ९० लाख, म्हणजे पास. टेंडर काढणाऱ्या ऑफिसनं आणखी ७० लाख वजा केले आणि हा १ कोटी २० लाखांवर आला.

"साहेब, ते सत्तर लाखांचं काम संपून वरीस झालं की, फायनल बिलपण घेतलोय मी."

खरंच होतं. एमबीत, म्हणजे कामाच्या मापांच्या वहीत, शेवटचं माप चढलेलं, बिल पास झालेलं, फक्त काम पुरं झाल्याचं कम्प्लीशन सर्टिफिकेट नव्हतं, कारण ते द्यायचं त्याच ऑफिसनं आणि सही करणारे साहेब बदलून गेलेले. स्वतः कागद द्यायचा नाही आणि कागद नाही म्हणून माणसाला बाहेर काढायचं, याचा मला अजून संताप येतो.

पण चूक माझीपण झाली. कर्नाटकाच्या १९९९ च्या केटीपीपी, म्हणजे सरकारी खरेदीतल्या पारदर्शकतेच्या कायद्यात कलम १६ खाली अपिलाला ३० दिवस मिळतात, ते ऑर्डर हातात आल्यापासून. म्हणून मी सहीची ऑर्डर मिळायची वाट बघत बसलो. अकरा दिवस गेले. तेवढ्यात दुसऱ्याला वर्क ऑर्डर निघाली. अपील घातलं, तारीख लागेना, शेवटी रिट घेऊन हायकोर्टाच्या धारवाड खंडपीठात.

त्या दिवशी पहाटेच निघालो, कित्तूरपर्यंत गाडीत कोणी बोललं नाही, नंबर लागला दुपारी. सरकारी वकिलांनी आधी म्हटलं अपील पेंडिंग आहे मग इथं कशाला, आणि मग पायाच्या खोदाईचे फोटो पुढे केले. मी सुप्रीम कोर्टाच्या १९९४ च्या टाटा सेल्युलर निकालावर उभा होतो, कोर्टानं निर्णय नाही तर निर्णय घ्यायची पद्धत तपासावी, आणि इथं पद्धतच मनमानी आहे. त्यांनी सुप्रीम कोर्टाचाच २०२२ चा एन. जी. प्रोजेक्ट्सचा निकाल काढला, अशा कामांना कोर्टानं स्टे देऊ नये, नुकसान झालं असेल तर भरपाई मागावी. स्टे मिळाला नाही. चार आठवड्यांत अपील निकाली काढा एवढाच आदेश झाला.

कोर्ट चुकलं असं मला म्हणवत नाही. पावसात त्या ओढ्यापलीकडची वस्ती तुटते, तिथली पोरं शाळेला मुकतात, ते मी स्वतः बघितलंय. पण मग अपील आधी ऐकायला काय हरकत होती?

ऐकलं सहाव्या आठवड्यात. ऑर्डर म्हणते हिशोब चुकीचा, बिड रिजेक्ट करायला नको होती, पण काम चाळीस टक्के झाल्यानं आता काही करता येत नाही.

भरपाईचा दावा टाकूया म्हटलं तर पक्षकार नको म्हणाला, "उद्या त्याच ऑफिसात काम मागायला जायचंय साहेब, नको." मी जोर केला नाही, करायला हवा होता का ते अजून कळत नाही. आता त्यानं पुढचं टेंडर बघून ठेवलंय, आणि सर्टिफिकेट अजून मिळालेलं नाही, म्हणजे तेच ७० लाख परत वजा होणार. त्या सर्टिफिकेटसाठी सोमवारी स्पीड पोस्टानं पत्र टाकलंय, या वेळी नोटिशीच्या भाषेत.